लाइपझिगची निरोगी हवा

ऑक्टोबर १७३० मध्ये जर्मन संगीतकार योहान सेबास्टियान बाखने आपल्या जुन्या शाळासोबत्याला, गेऑर्ग एर्डमानला, एक पत्र लिहिलं. मतलब साधा होता: तुझ्याकडे दुसरी नोकरी असेल तर बघ. त्यात लाइपझिगच्या कांटोरपदाचा, म्हणजे चर्च आणि शाळेच्या संगीतप्रमुखाच्या पदाचा, हिशेबच मांडलाय. उत्पन्न सुमारे ७०० थालर (तेव्हाचं चांदीचं नाणं), पण त्यातली मोठी रक्कम वरकड. गावात नेहमीपेक्षा जास्त माणसं मेली की वरकड वाढते, आणि हवा निरोगी असली की घटते. आदल्या वर्षी अंत्ययात्रांच्या खात्यात १०० थालरांवर खोट बसली, अशी त्याची तक्रार.

आपल्याकडच्या कुठल्याही भिक्षुकाला हा हिशेब समजावून सांगावा लागणार नाही. पितृपक्षात श्वास घ्यायला सवड नसते आणि पौषात लग्नाचा मुहूर्त नसतो. फरक एवढाच की बाखच्या वरकडीखाली एक पद होतं. आज तो विषय काढायचं कारण म्हणजे महाराष्ट्रातून कानावर येणारे तीन वाद. तिकडे ते तीन वेगळे मानले जातात. इथे जर्मनीत बसून ऐकताना मला तो एकच वाद वाटतो.

पहिला वेदविद्येचा. २०२५ च्या अखेरीस अहिल्यानगरच्या एका १९ वर्षांच्या तरुणाने काशीत शुक्ल यजुर्वेदाच्या माध्यंदिन शाखेचं दंडक्रम पारायण, म्हणजे पदं ठरलेल्या उलटसुलट क्रमाने मुखोद्गत म्हणणं, पुरं केलं. अर्धे लोक हात जोडून उभे राहिले, अर्ध्यांनी विचारलं की याचा उपयोग काय. दुसरा कीर्तनकारांच्या बिदागीचा: देवाचं नाव घ्यायला इतके पैसे कसले? तिसरा अग्निवीरांचा, चार वर्षांनी पोरांनी करायचं काय? एखाद्या घरात तीन भावंडं असतील, एक गाण्यात, एक फौजेत, एक पाठशाळेत किंवा आळंदीत, तर हे तिन्ही वाद त्या घरच्या एकाच ताटावर वाढलेले असतात. विद्येचा मान किती यावर आपण रात्रभर भांडू. ती विद्या घेतलेल्या मधल्या फळीतल्या माणसाला, म्हणजे जो पहिला आला नाही पण आपलं काम चोख करतो त्याला, कोणतं पद आहे, हे कोणी विचारत नाही.

बाख घराणं या प्रश्नाची चांगली तपासणी करून देतं. १७३५ मध्ये सेबास्टियानने स्वतः घराण्याची वंशावळ लिहिली. तीत ५३ जण आहेत. मूळ पुरुष फाइट बाख, हंगेरीतला पावभट्टीवाला. ल्यूथरच्या पंथामुळे तिथून निघून थुरिंगियात आला. गिरणीत दळण चाललेलं असताना हा तंतुवाद्य वाजवत बसायचा, असं त्यात नोंदवलंय. पुढच्या पिढ्यांत नगराचे पगारी वाजंत्री, चर्चचे ऑर्गनवादक, कांटोर. सेबास्टियानचा थोरला भाऊ योहान याकोब नगर-वाजंत्र्याकडे उमेदवारी करून १७०४ मध्ये स्वीडिश फौजेत ओबोवादक झाला. ओबो म्हणजे सनईसारखं दुहेरी पात्याचं वाद्य, त्या काळच्या पलटणींचं मुख्य सूर-वाद्य. राजा बाराव्या चार्ल्सबरोबर तो पोल्टाव्हाच्या पराभवापर्यंत आणि तिथून तुर्कांच्या मुलखातल्या बेंडरपर्यंत गेला, कॉन्स्टँटिनोपलला बासरी शिकला, शेवटी स्टॉकहोमच्या दरबारात लागला आणि तिथेच १७२२ मध्ये वारला. फौजेत गेला म्हणून त्याचं संगीत सुटलं नाही, फौजेतच वाढलं.

धर्मशास्त्राची बाजूही नुसती शोभेची नव्हती. १७२३ मध्ये लाइपझिगचं पद देण्याआधी सेबास्टियानची धर्मज्ञानाची परीक्षा झाली आणि पंथाच्या मान्य तत्त्वांवर त्याची सही घेतली गेली. पदाबरोबर मुलांना लॅटिन शिकवायची जबाबदारीही होती. ती नको म्हणून त्याने आपल्या पगारातून दुसऱ्या शिक्षकाला वर्षाला ५० थालर देऊन बदली नेमला. मृत्यूनंतर त्याच्या घरच्या पुस्तकांची यादी झाली, त्यात धर्मशास्त्राचे ८० च्या आसपास खंड निघाले. कालोव्ह या धर्मपंडिताच्या टीकेसह असलेलं बायबल त्याने समासात टिपणं करत वाचलेलं आहे. ते तीन खंड आज अमेरिकेत सेंट लुइसच्या एका सेमिनरीत आहेत.

त्या पदांचे करार किती बारीक असायचे ते म्युलहाउझेनमध्ये दिसतं. १७०७ मध्ये तिथे ऑर्गनवादक म्हणून लागताना त्याला ८५ गुल्डन, शिवाय ठरलेल्या मापाचं धान्य, जळाऊ लाकूड आणि काटक्यांच्या मोळ्या, आणि तेही घरपोच, असं ठरलं. आपल्या बलुत्याची आठवण येईल. पण बलुतं जातीला बांधलेलं होतं, हे पद त्या जागेला. जागा रिकामी झाली की अर्ज येत, वादन ऐकलं जाई, घासाघीस होई. लाइपझिगने आधी टेलेमान या संगीतकाराला बोलावलं होतं. हॅम्बुर्गने पगार वाढवला आणि तो तिथेच राहिला. मग ग्राउपनर हा दुसरा संगीतकार; त्याला डार्मश्टाटने सोडलं नाही, वर बिदागी वाढवून दिली. बाख तिसरा.

म्हणजे सगळं गोड होतं असं नाही. आर्नश्टाटला असताना चार आठवड्यांची रजा घेऊन तो ल्यूबेकला बुक्स्टेहूडे या ऑर्गनवादकाला ऐकायला गेला आणि सुमारे चार महिन्यांनी उगवला. चर्चच्या मंडळाने त्याला समोर उभं करून जाब विचारला. १७१७ मध्ये वायमारची नोकरी सोडायचा हट्ट धरला म्हणून ड्यूकने त्याला जवळपास महिनाभर कोठडीत ठेवलं. पद असलं की मालकही असतो. हा तोटा मान्य करूनच पुढे बोलायला हवं.

आज इथे काय उरलंय? चर्चसंगीताचे तीन दर्जे आहेत, ए, बी आणि सी. ए आणि बी म्हणजे संगीत महाविद्यालयाची पदवी आणि त्यानुसार पगारी पद. सी हा अर्धवेळ दर्जा. नोकरी सांभाळून शिकता येतो, आणि खेड्यातल्या चर्चमध्ये रविवारी ऑर्गन वाजवणारा बहुतेकदा हाच असतो. मला या पद्धतीतला सर्वांत शहाणपणाचा भाग हा सी दर्जाच वाटतो. फौजेत जाणाऱ्या वादकाला आधी सैनिकी प्रशिक्षण, मग हिल्डनच्या प्रशिक्षण-बँडमध्ये वाद्याचा अभ्यास, आणि सोबत ड्युसेलडॉर्फच्या रॉबर्ट शूमान महाविद्यालयाची पदवी. शिकत असताना सैनिकाचा पगार चालू. फौजेतल्या धर्मगुरूला हुद्दा नसतो, तो मुदतीवरचा सरकारी अधिकारी असतो, म्हणजे शिपाई आणि जनरल दोघंही त्याच्याशी मोकळं बोलू शकतात. २०२१ मध्ये लाइपझिगच्याच सिनेगॉगमध्ये (ज्यूंच्या प्रार्थनास्थळात) जर्मन सैन्याच्या मुख्य रब्बींचा, म्हणजे ज्यू धर्मगुरूंचा, पदग्रहण समारंभ झाला.

मोकळ्या कलाकारासाठी १९८३ पासून कलाकारांचा वेगळा सामाजिक विमा आहे. नोकरदाराच्या हप्त्यातला निम्मा वाटा मालक भरतो. कलाकाराला मालकच नाही. म्हणून निम्मा हप्ता तो स्वतः भरतो, ३० टक्के त्याची कला वापरणाऱ्या संस्था, प्रकाशक, आयोजक वगैरेंकडून वसूल होतो आणि २० टक्के केंद्र सरकार घालतं. आरोग्य, वृद्धापकाळ, शुश्रूषा तिन्ही त्यात येतात. कलेतून वर्षाला किमान ३,९०० युरो मिळाले पाहिजेत, एवढी अट. यात सत्कार, शाल, श्रीफळ कुठेच नाही.

गळतीही दाखवतो. चर्चचा कर प्राप्तिकराच्या ८ किंवा ९ टक्के असतो आणि तो फक्त सभासद भरतात; सभासद सोडून चाललेत, त्यामुळे जागा निघाल्या की अर्ध्या केल्या जातात. संगीतशाळांनी शिक्षकांना वर्षानुवर्षं तासावर राबवलं. जून २०२२ मध्ये सर्वोच्च सामाजिक न्यायालयाने हेरेनबर्गच्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात ती नोकरदारच आहे असा निकाल दिला आणि सगळ्या संगीतशाळांची झोप उडाली. तेव्हा इथे स्वर्ग आहे असं समजून कोणी विमानात बसू नये.

आता घराकडे. गंमत अशी की आपल्याकडे या तिन्ही विद्यांना पगारी पद देणारी एक संस्था आहेच: भारतीय लष्कर. पंडित, ग्रंथी, मौलवी, पाद्री, बौद्ध भिक्खू यांची धर्मशिक्षक म्हणून थेट नायब सुभेदार हुद्द्यावर भरती होते. पंडितासाठी पदवी आणि संस्कृतात आचार्य, किंवा शास्त्री अधिक कर्मकांडाची एक वर्षाची पदविका. अंत्यविधी, रुग्णालयातल्या जवानांची विचारपूस, पलटणीतलं धर्मस्थळ, ही कामं. इथे घोळ होतो तो कागदाचा. पाठशाळेत दहा-बारा वर्षं काढलेला मुलगा मंत्रात कच्चा नसतो, पण त्याच्याकडे पदवी नसते. उज्जैनच्या सांदीपनी वेदविद्या प्रतिष्ठानाचं वेदभूषण दहावीच्या आणि वेदविभूषण बारावीच्या तोडीचं धरलं जातं. ती सात वर्षं. पदवी त्यापुढे. पाठशाळेत घालतानाच हा रस्ता मोजला नाही तर पंचविशीत मुलगा घनपाठी असतो आणि अर्ज भरायला अपात्र.

घनपाठी म्हणजे काय याचीही कल्पना नसताना 'उपयोग काय' विचारलं जातं, म्हणून थोडं जवळून. पदं १, २, ३ घ्या. घनात ती अशी येतात: १-२, २-१, १-२-३, ३-२-१, १-२-३. म्हणजे एक पद पुढे सरकायला १३ पदं उच्चारायची. क्रम उलटला की संधी बदलतो, संधी बदलला की उदात्त-अनुदात्त-स्वरित हे वेदातले स्वर बदलतात, त्यामुळे नुसतं मागून पुढे म्हणणं इथे चालतच नाही. हे कसब बाखच्या उलट्या-सुलट्या कॅननच्या, म्हणजे एकच धून पुढून-मागून गुंफलेल्या रचनेच्या, जातीचं आहे. पण पाठशाळेचं दार अजून बहुतांशी मुंजीच्या मुलांपुरतंच उघडतं. कसबाला मान द्या म्हणणाऱ्यांनी हे वाक्य गिळू नये.

गाण्याची अवस्था त्याहून विचित्र. गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या पायऱ्या उत्तम आहेत, प्रारंभिक ते अलंकार. पण विशारद झालेल्याला शिकवण्या सोडून मधली जागा नाही. आकाशवाणीची ग्रेड मिळते ती कार्यक्रमाच्या मानधनापुरती. लष्कराचा पचमढीचा संगीत विभाग १९५० पासून बँडवाले घडवतोय, हे मिरजेच्या विद्यार्थ्याला कोणी सांगत नाही.

आणि आता तेच पद पातळ होतंय. हवाई दल आणि नौदल वादकही अग्निवीर म्हणूनच घेतात. हवाई दलाच्या चाचणीत तालासुरात एक पूर्ण गाणं गाऊन दाखवायचं, शिवाय स्टाफ नोटेशन (पाच रेघांची पाश्चात्त्य स्वरलिपी) किंवा हिंदुस्थानी-कर्नाटकी स्वरलिपीपैकी काहीतरी वाजवता यायचं. पहिल्या वर्षी महिना ३०,००० रुपये, चौथ्या वर्षी ४०,०००, अखेरीस सुमारे ११.७१ लाखांचा सेवानिधी, आणि २५ टक्क्यांपर्यंतच पुढे कायम. बंदूक चालवणाऱ्यासाठी चार वर्षं पुरतात की नाही यावर निवृत्त जनरल भांडोत. ओबोवाल्याचं मात्र सांगता येईल: ओठांची बैठक पक्की व्हायला आणि स्वतःची पाती स्वतः तासता यायलाच चार वर्षं जातात. बँड एकत्र श्वास घ्यायला लागतो तोवर तीन-चतुर्थांश माणसं घरी.

आळंदीकडे बघून मला जास्त आशा वाटते. जोग महाराजांनी १९१७ मध्ये काढलेल्या वारकरी शिक्षण संस्थेचा चार वर्षांचा क्रम आहे. ज्ञानेश्वरी, गाथा, गायन, पखवाज एकाच छताखाली, आणि जातीचा दाखला नाही. तिथून निघालेल्या सगळ्यांना लाखाच्या सुपाऱ्या मिळत नाहीत. बहुतेक जण सप्ताहांवर जगतात आणि पावसाळ्यानंतर पुन्हा डायरी उघडतात. बिदागीवर चिडणाऱ्यांनी आपल्या तालुक्याच्या देवस्थानात एक कायम कीर्तनकार, एक पखवाजी आणि एक गाथेचा अध्यापक अशी तीन पदं, वेतनश्रेणीसह, मागावीत. देवस्थानांकडे पैसा आहे, सरकारी तिजोरीला हात लावायची गरज नाही. पदाचा रस्ता पंढरपूरने दाखवलेलाही आहे. जानेवारी २०१४ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने बडवे-उत्पातांचे वंशपरंपरागत हक्क संपले, आणि त्याच वर्षी मंदिर समितीने पुजारीपदासाठी सर्व जातींच्या स्त्री-पुरुषांकडून अर्ज मागवून मुलाखती घेतल्या. १७२३ च्या लाइपझिगलाही बाईचा अर्ज सुचला नव्हता.

पद मागताना निवृत्तिवेतन मात्र विसरू नका. २८ जुलै १७५० ला बाख गेला. त्याची बायको आना माग्डालेना लग्नाच्या सुमारास केथेनच्या दरबारात पगारी गायिका होती, नंतर नवऱ्याच्या रचनांच्या प्रती उतरवत राहिली. रिवाजाप्रमाणे तिला सहा महिन्यांचं वेतन मिळालं. १७६० मध्ये ती लाइपझिगमध्ये गेली तेव्हा दफ्तरात तिची नोंद धर्मादायावर जगणारी बाई अशी झाली. त्या ५३ जणांच्या वंशावळीत तिला क्रमांक नाही.