पायथन ‘काहीच्या काही’ नाही: एका फॉरवर्डला उत्तर

गेल्या महिन्यात आमच्या मावसभावंडांच्या ग्रुपवर एक लांबलचक मजकूर आला. त्याआधी तो ऑफिसच्या ग्रुपवर आणि शाळेच्या ग्रुपवर येऊन गेला होता, त्यामुळे एव्हाना तोंडपाठ झालाय. म्हणणं असं, की ‘मॉन्टी पायथन’ हा ब्रिटिश विनोदवीरांचा गट आणि त्या जातकुळीचा ब्रिटिश स्केच (म्हणजे छोट्या नाटुकल्यांचा) विनोद उगाच डोक्यावर घेतलाय. एक, ते नशेत लिहिलेलं काहीच्या काही आहे, त्यात अर्थबिर्थ काही नाही. दोन, त्यांना शेवट सुचत नव्हते म्हणून त्यांनी पंचलाइनच (शेवटची, हशा पिकवणारी ओळच) काढून टाकली आणि त्यालाच शैली म्हटलं. तीन, हा ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या पोरांचा आपापसातला विनोद आहे, इंग्रज नसलेल्याला तो कळूच शकत नाही. चार, आपल्या मातीत असला प्रकार कधी नव्हता, आपण हसल्याचं सोंग करतो.

खाली आमच्या मावसभावाने ‘शंभर टक्के खरं!’ असं लिहिलं. दादा, तू सहा वर्षांनी मोठा म्हणून ग्रुपवर गप्प बसले. इथे नाही बसणार.

नशेचा आरोप आधी संपवते. त्यांचा ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’ हा टीव्ही कार्यक्रम बीबीसीवर ५ ऑक्टोबर १९६९ला सुरू झाला, डिसेंबर १९७४मध्ये संपला, एकूण ४५ भाग झाले. काळ हिप्पींचा, आणि मधेमधे टेरी गिलियमचं कात्रणांचं अ‍ॅनिमेशन. ब्रॉन्झिनो या चित्रकाराच्या जुन्या चित्रातून कापून घेतलेला मदनाचा भलामोठा पाय वरून येतो आणि सगळं चिरडून टाकतो. बघणाऱ्याला वाटणारच की हे शुद्धीतलं काम नाही. प्रत्यक्षात ही मंडळी कारकुनाच्या शिस्तीने लिहायची. जॉन क्लीझ आणि ग्रॅहम चॅपमन एकत्र, मायकल पेलिन आणि टेरी जोन्स एकत्र, एरिक आयडल एकटा. मग सगळे जमायचे आणि आपापलं मोठ्याने वाचून दाखवायचे. बाकीचे हसले तर स्केच राहिलं, नाही हसले तर गेलं.

एक गोष्ट मात्र मान्य करते. चॅपमन प्यायचा, आणि बेसुमार प्यायचा. १९७४मध्ये स्कॉटलंडमध्ये त्यांच्या ‘होली ग्रेल’ सिनेमाचं शूटिंग चालू असताना राजाला दरीवरच्या पुलावरून चालत जायचं होतं. राजा होता चॅपमन. दारूवाचून त्याचं अंग थरथरत होतं, पाऊल उचलेना. शेवटी राजाचा पोशाख दुसऱ्याच माणसाला घालून पुलावरून चालवावं लागलं. पुढच्या सिनेमात मुख्य भूमिका करायची म्हणून १९७७ संपता संपता त्याने दारू सोडली. तेव्हा नशेने पायथनला काय दिलं याचा हिशोब मांडायचाच असेल, तर तो एवढाच: न ओलांडलेला एक पूल.

आता ‘काहीच्या काही’. हा आरोप जरा दमाने घ्यायला हवा, कारण बहुतेकांची फसगत इथेच होते. या विनोदात वेडगळ गोष्ट एकच असते, पहिली. ती एकदा मान्य केली की पुढचं सगळं सरळ, काटेकोर, जवळजवळ वकिली असतं.

मेलेल्या पोपटाचं स्केच घ्या. ७ डिसेंबर १९६९ला ते पहिल्यांदा दाखवलं गेलं. गिऱ्हाईक (क्लीझ) रेनकोट घालून, पिंजरा घेऊन दुकानात येतो. अर्ध्या तासापूर्वी इथूनच घेतलेला पोपट मेलेला आहे. दुकानदार (पेलिन) म्हणतो, मेला नाही, विश्रांती घेतोय. मग पिसांची तारीफ करतो. मग हळूच पिंजऱ्याला धक्का देतो आणि म्हणतो, बघा, हलला! गिऱ्हाईक पोपटाच्या कानात ओरडतो, त्याला काउंटरवर आपटतो, वर फेकतो. तो दाणकन खाली पडतो. आता दुकानदाराचं म्हणणं, तुम्ही त्याला घेरी आणलीत. शेवटी गिऱ्हाईक सांगतो की हा दांडीवर बसलेला दिसत होता तो खिळे ठोकून बसवला होता म्हणून. यावर दुकानदाराचं उत्तर ऐकण्यासारखं आहे: खिळे नसते मारले तर त्याने गज वाकवून भरारी मारली असती!

यात निरर्थक वाक्य दाखवा. दुकानदार एकदाही ‘पैसे परत मिळणार नाहीत’ असं म्हणत नाही. तो फक्त तक्रारीचं कारण अस्तित्वातच नाही, असं नम्रपणे सांगत राहतो. मोबाइल किंवा मिक्सर घेऊन सर्व्हिस सेंटरला गेलेल्या प्रत्येकाला हा माणूस भेटलेला आहे. पेलिनलाही तो खराखुरा भेटला होता. त्याच्या गाडीचा गॅरेजवाला कुठलाही बिघाड बिघाड म्हणून मान्यच करायचा नाही. त्यावरून १९६८मध्ये त्यांनी एका कार्यक्रमासाठी गाडी परत करायला आलेल्या गिऱ्हाइकाचं स्केच केलं. पायथनसाठी ते पुन्हा लिहायला घेतलं तेव्हा गाडीचा टोस्टर झाला, आणि मग चॅपमनने टोस्टरचा पोपट केला. सगळी करामत या शेवटच्या बदलात आहे. गाडी बिघडली की नाही यावर वाद घालता येतो. मरणावर येत नाही. जिथे वादाला जागाच नाही तिथे वाद घालायला लावला, म्हणून गॅरेजवाल्याचा निगरगट्टपणा नागडा झाला.

‘मिनिस्ट्री ऑफ सिली वॉक्स’ (१९७०) बद्दल त्या मजकुरात एकच वाक्य आहे: ‘लांब तंगड्यांचा माणूस वेडावाकडा चालतो, संपलं.’ नाही संपत. ते सरकारी खातं आहे. आपली विचित्र चाल विकसित करायला अनुदान हवं म्हणून एक अर्जदार येतो आणि चालून दाखवतो. साहेब गंभीरपणे शेरा देतात, की तुमच्या डाव्या पायात विचित्र असं काहीच नाही, आणि उजवाही एकाआड एक पावलालाच काय ती अर्धी गिरकी घेतो. वर खात्याच्या तुटपुंज्या तरतुदीचं रडगाणं: संरक्षणाला एवढे पैसे, आम्हाला एवढेच. मंत्रालयात एखादी फाइल घेऊन चकरा मारलेल्यांना हा सूर ओळखीचा वाटेल. गंमत पुढेच आहे. २०२०मध्ये अमेरिकेतल्या डार्टमथ कॉलेजच्या संशोधकांनी त्या दोघांची चाल फ्रेम फ्रेम करून मोजली. साहेबांच्या चालीतला चढउतार नेहमीच्या चालण्याच्या ६.७ पट भरला आणि अर्जदाराचा त्याच्या निम्म्याच्या आसपास. म्हणजे साहेबांचा शेरा योग्यच होता!

पंचलाइनचा मुद्दा. इथे त्या मजकुराने कार्य आणि कारण यांची अदलाबदल केली आहे. ही मंडळी पायथनच्या आधी कितीतरी वर्षं टीव्हीसाठी नियमित, पंचलाइनवाली स्केचेस लिहीत होती; टीव्ही निवेदक डेव्हिड फ्रॉस्टच्या कार्यक्रमात हेच काम होतं. शेवट लिहिता येत होते. पण उत्तम चाललेल्या स्केचला केवळ थांबायचंय म्हणून एक फुसकी ओळ जोडावी लागते, हे त्यांना खटकायला लागलं. पोपटाच्या स्केचमध्येच बघा: प्रकरण दुसऱ्या गावातल्या दुकानापर्यंत आणि रेल्वेच्या तक्रार खिडकीपर्यंत वाढत जातं, मग गिऱ्हाईकच म्हणतो की हे फारच बाष्कळ व्हायला लागलंय, आणि लष्करी गणवेशातला चॅपमन येऊन सगळं बंद करतो. शेवट टाळला की प्रश्न सुटत नाही, उलट वाढतो. एका स्केचमधून दुसऱ्यात कसं शिरायचं याची सोय आता दर वेळी करावी लागते.

आणि त्या जोडकामावर त्यांचा किती जीव होता, हे कोर्टात नोंदलं गेलंय. १९७५मध्ये अमेरिकेच्या एबीसी वाहिनीने तीन भाग एकत्र दाखवले आणि जाहिरातींना जागा करायला दीड तासातली २४ मिनिटं उडवली. काहीच्या काही असतं, तर चोवीस मिनिटांनी काय फरक पडणार होता? हे लोक थेट न्यू यॉर्कच्या कोर्टात गेले. पुढच्या वर्षी अपील कोर्टाने त्यांची बाजू उचलून धरली, की अशी कापाकापी म्हणजे कलाकृतीची मोडतोड आहे. अर्थ नसलेल्या गोष्टीची मोडतोड करता येत नाही, दादा.

हे सगळं उत्तम आहे असं मात्र मी म्हणणार नाही. ४५ भाग सलग बघा, कितीतरी स्केचेस अक्षरशः रखडतात. क्लीझ नसलेली चौथी मालिका तर मी दोनदा सुरू करून दोनदा सोडली. बायकांच्या वाट्याला फारसं काही येत नाही, बहुतेक बायका म्हणजे चिरक्या आवाजात बोलणारे पुरुषच.

इंग्रज नसलेल्याला कळत नाही, हा तिसरा मुद्दा मला सगळ्यात उलटा वाटतो. न कळणारा ब्रिटिश विनोद आहे, पण तो हा नव्हे. ‘द टू रॉनीज’ या दुसऱ्या ब्रिटिश विनोदी जोडीचं १९७६चं स्केच बघा. हार्डवेअरच्या दुकानात गिऱ्हाईक ‘फोर कँडल्स’ मागतो, दुकानदार चार मेणबत्त्या काढून ठेवतो, तर त्याला हवे असतात ‘फोर्क हँडल्स’, बागकामाच्या काट्याचे दांडे. ‘ह’ खाऊन बोलणाऱ्या माणसाच्या उच्चारावर सगळा डोलारा उभा. बेजोड आहे, पण मराठीत आणून दाखवा! शब्दाचा विनोद सरहद्दीवर अडतो. मेलेला पोपट मात्र जर्मनीत, जपानात, जळगावात सगळीकडे मेलेलाच असतो. पायथनने १९७१मध्ये जर्मन टीव्हीसाठी एक अख्खा भाग भाषा येत नसताना जर्मनमध्ये केला, ओळी नुसत्या पाठ करून. अमेरिकेत हा कार्यक्रम पहिल्यांदा उचलला तो डॅलसच्या स्थानिक स्टेशनने. एका डच माणसाने आपल्या प्रोग्रामिंग भाषेला पायथन हे नाव दिलं ते या कार्यक्रमावरून, सापावरून नव्हे. हिंजवडीत ती भाषा रोज हजारोंच्या पोटाला घालते. आणि नको असलेल्या ईमेलना आपण ‘स्पॅम’ म्हणतो, तेही त्यांच्या एका स्केचमुळे. त्यात एका खाणावळीत जवळपास प्रत्येक पदार्थात स्पॅम, म्हणजे डबाबंद मांस, असतंच आणि सगळे मिळून त्याचं गाणं म्हणत दुसऱ्या कुणाला बोलू देत नाहीत. पायथनविरोधी फॉरवर्ड सतरा ग्रुपवर येतो त्याला काय म्हणायचं, याची सोय पायथननेच करून ठेवली आहे.

राहिली आपली माती. ‘राजाचा पोपट मेला हे कुणी सांगायचं’, हे तर आपण रोजच्या राजकारणावर बोलताना म्हणतो. त्या गोष्टीत काय आहे? पोपट खात नाही, पीत नाही, चोच उघडत नाही, डोळे मिटून पाय वर करून पडलाय. फक्त ‘मेला’ हा शब्द तेवढा कुणी उच्चारत नाही, कारण उच्चारेल त्याचं डोकं उडणार. पायथनच्या दुकानात याची उलटी बाजू. तिथे गिऱ्हाईक ‘मेला’ हे पंधरा प्रकारे सांगतो आणि समोरचा ऐकत नाही. शिवाय काट्याच्या अणीवर तीन गावं वसवणारं ज्ञानोबांचं भारूड आहेच: दोन ओसाड, एक वसेचिना, आणि न वसलेल्या गावात तीन कुंभार हजर. पहिली ओळ मान्य केलीत की पुढचा हिशोब चोख.

माती म्हणजे खरोखरची माती म्हणत असाल, तर तीही आहे. ज्याच्या रेडिओवरच्या ‘द गून शो’ने (१९५१ ते १९६०) पायथनची सगळी पिढी पोरवयात वेडी केली, तो स्पाइक मिलिगन १६ एप्रिल १९१८ला अहमदनगरला जन्मला. बाप लष्करात, पोराचं बालपण पुण्याच्या कॅम्पात आणि रंगूनला. ऑक्सफर्डही नाही, केंब्रिजही नाही. त्याच्या एका प्रसंगात एकजण किती वाजले ते कागदावर लिहून घेऊन खिशात ठेवतो: आठ. कुणी वेळ विचारली की कागद बघायचा. आणि आठ वाजले नसतील तर? तर कागद दाखवायचा नाही. पायथन सुरू होण्याच्या काही महिने आधी, मार्च १९६९मध्ये, मिलिगनची ‘क्यू फाइव्ह’ ही स्केचेसची मालिका टीव्हीवर आली. तीत स्केचेस वाटेल तिथे सोडून दिलेली बघून क्लीझ आणि जोन्स हादरले, आपण जे करायचं म्हणतोय ते याने करून टाकलं. मग त्यांनी त्याचा दिग्दर्शक इअन मॅकनॉटन आपल्याकडे घेतला.

हा मिलिगन ब्रिटिश तोफखान्यातून आफ्रिका आणि इटलीत लढला होता. पुढे पासपोर्टची वेळ आली तेव्हा तुम्ही आपोआप ब्रिटिश ठरत नाही, असं त्याला सांगण्यात आलं. जन्म हिंदुस्थानातला, बाप आयरिश. त्याने वैतागून आयरिश नागरिकत्व घेतलं. २००२मध्ये तो गेला. तब्येतीच्या तक्रारी आयुष्यभर चालू होत्या, आणि थडग्यावर त्याला ‘मी आजारी आहे असं सांगितलं होतं ना’ एवढंच वाक्य हवं होतं. चर्चवाल्यांना ते इंग्रजीत चालेना. आयरिश भाषेत मात्र चाललं. इंग्लंडमधल्या विंचेल्सीच्या दफनभूमीत ते आयरिशमध्ये कोरलेलं आहे.