ओघळ हा अपघात नाही

थाई चित्रकार तवन वत्तुया याच्यावरच्या लेखात त्याच्या जलरंगांतल्या ओघळांना 'सुंदर अपघात' म्हटलंय, ते पटलं नाही. १९७३ साली जन्मलेला, बँकॉकच्या शिल्पाकॉर्न विद्यापीठात शिकलेला हा चित्रकार जलरंग मुद्दाम निवडतो. राजकारणी, गणवेशातली माणसं, सौंदर्यस्पर्धेतल्या मुली, म्हणजे ज्यांची प्रतिमा घोटून पक्की केलेली असते, त्यांनाच तो पाण्यात विरघळवतो. राजघराण्याच्या अवमानाला थाई दंडसंहितेच्या कलम ११२ खाली प्रत्येक गुन्ह्यामागे ३ ते १५ वर्षं कैद असलेल्या देशात ही विरघळलेली कड बरंच बोलते.

शिवाय ओल्यावर ओलं काम करणं, म्हणजे ओल्या कागदावर ओला रंग लावणं, फार अवघड. कागदाची चकाकी जाऊन नुसता ओलसरपणा उरला, की ब्रशमध्ये पाणी कमी आणि रंग जास्त हवा. तेव्हा पातळ थेंब पडला तर तो आधीचा रंग बाहेर ढकलतो आणि फ्लॉवरच्या गड्ड्यासारखा डाग उठतो. डोळे, ओठ तिथेच बिघडतात. कागद सुती, निदान ३०० जीएसएमचा (म्हणजे चौरस मीटरला ३०० ग्रॅम वजनाचा) हवा. हलका कागद फुगतो आणि खळग्यांत रंग साचतो. त्यात दमट हवेत कागद उशिरा वाळतो, रंग पसरतच राहतो. लेखातल्या छोट्या फोटोंत यातलं काही दिसत नाही. एकतरी चित्र मोठं छापायला हवं होतं.