«बांधून टाका, पुढचं बघू» म्हणणाऱ्या मेसेजला उत्तर

त्र्यंबक रोड, अंजनेरी, गंगापूर धरणाचं बॅकवॉटर. या पट्ट्यातल्या फार्महाऊस प्लॉटच्या जाहिरातींना जोडून एक मेसेज नाशिककरांच्या ग्रुपवर फिरतोय. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: सातबारा खासगी आणि एनए (बिगरशेती) झालेला असला की जंगलाचा कायदा लागत नाही. आदिवासींचा वनपट्टाही (वनहक्काने मिळालेली जमीन) नोटरी करून घेता येतो. सुप्रीम कोर्टाने एक किलोमीटरची अट मागे घेतली, वन संवर्धन कायद्याच्या २०२३ च्या दुरुस्तीने उरलंसुरलंही मोकळं झालं. आणि एवढं करून काही निघालंच, तर उभं घर कोर्ट पाडत नाही. दंड भरा, नियमित करून घ्या.

सातबाऱ्यापासून सुरुवात करू, कारण पैसे अडकतात ते इथेच. गोदावर्मन प्रकरणात १२ डिसेंबर १९९६ रोजी सुप्रीम कोर्टाने सांगितलं, की जमीन कोणाच्याही मालकीची असो, ती शब्दकोशातल्या अर्थाने जंगल असेल किंवा सरकारी दफ्तरी तिची वन म्हणून नोंद असेल, तर १९८० चा वन संवर्धन कायदा तिला लागू होतो. मग वनेतर वापरासाठी केंद्राची मंजुरी लागते, आणि तीही आधी. एनए हा महसूल खात्याचा आदेश; तो या मंजुरीची जागा घेत नाही.

पुण्याच्या कोंढव्यात काय झालं बघा. १८७९ पासून राखीव वन असलेली सुमारे ३० एकर जमीन १९९८ मध्ये शेतीसाठी म्हणून खासगी लोकांना दिली गेली, पुढे ती गृहनिर्माण संस्थेकडे गेली. एनए झालं, २००७ मध्ये पर्यावरण मंजुरीसुद्धा आली. म्हणजे मेसेजवाल्याच्या हिशोबाने फाईल एकदम क्लिअर. १५ मे २०२५ रोजी सुप्रीम कोर्टाने ते वाटप आणि ती मंजुरी, दोन्ही रद्द केली आणि जमीन वन विभागाला परत द्यायला सांगितली.

सातबारा हातात आला की बहुतेक जण मालकाचं नाव आणि क्षेत्र बघून घडी घालतात. बघायचा असतो तो «इतर हक्क» रकाना. तिथे खासगी वनाचा किंवा वन कायद्याच्या कलम ३५ चा उल्लेख असेल, तर त्याच्या बाजूचा फेरफार क्रमांक काढून तो फेरफार वाचल्याशिवाय टोकन देऊ नये. महाराष्ट्राच्या खासगी वने (संपादन) कायद्याने अशी वनं ३० ऑगस्ट १९७५ पासून सरकारकडे गेलेली आहेत. आता दुसरी बाजूही सांगतो: अशी प्रत्येक नोंद टिकतेच असं नाही. गोदरेज प्रकरणात ३० जानेवारी २०१४ रोजी सुप्रीम कोर्टाने ठरवलं, की कलम ३५ ची जुनी नोटीस नुसती निघाली म्हणून जमीन खासगी वन होत नाही, ती मालकावर बजावलेली असावी लागते. पण त्याआधी २००८ मध्ये हायकोर्टात ती कंपनी हरली होती. अकरा गुंठेवाल्याने एवढी कोर्टबाजी परवडेल का, याचा हिशोब आपापला करावा.

वनपट्ट्याचा मुद्दा तर सरळसरळ फसवणुकीचा. २००६ च्या वनहक्क कायद्याने मिळालेला हक्क वारसाने जातो, विकता येत नाही. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत पायी गेलेल्या मोर्चाची एक मुख्य मागणी हे पट्टेच होते. ते नोटरीच्या शिक्क्यावर कुणाच्या वीकेंड होमसाठी जात नसतात.

एक किलोमीटरचं म्हणाल, तर हद्दीभोवती किमान एवढा पट्टा पर्यावरण संवेदनशील, म्हणजे बांधकामांवर बंधनं असलेला, ठेवायचा ३ जून २०२२ चा तो आदेश २६ एप्रिल २०२३ रोजी शिथिल झाला, हे खरं. पण तो होता राष्ट्रीय उद्यानं आणि अभयारण्यांपुरता. अंजनेरी आणि बोरगड ही अभयारण्यं नाहीत, संवर्धन राखीव क्षेत्रं आहेत. त्र्यंबक रोडला जी अट लागूच नव्हती, ती उठल्याने तिथे मोकळं काय झालं? अभयारण्य म्हणजे आपल्याकडे निफाडचं नांदूर मध्यमेश्वर. अभयारण्यांभोवतीच्या पर्यावरण संवेदनशील क्षेत्रांच्या अधिसूचना कोर्टाने पुसलेल्या नाहीत, आणि हद्दीपासून एक किलोमीटरच्या आत खाणकामाला असलेली बंदीही कायम ठेवली आहे.

२०२३ ची दुरुस्ती झाली, मान्य. मात्र १९ फेब्रुवारी २०२४ च्या अंतरिम आदेशात सुप्रीम कोर्टाने १९९६ ची व्याख्याच पाळायला सांगितली.

राहिलं पाडकाम. कोर्ट दर वेळी बुलडोझरच पाठवतं असं नाही. कोंढव्याच्या निकालातच राज्यांना सांगितलंय, की जिथे जमिनीचा ताबा परत घेणं जनहिताचं नसेल, तिथे तिची किंमत वसूल करून ती वनांच्या विकासासाठी वापरा. मेसेजवाला यालाच दंड म्हणत असेल, तर तो हजार-दोन हजारांचा नाही, जमिनीच्या किमतीचा आहे.

आणि पाडायचं ठरलं तर पाडतात. फरीदाबादच्या कांत एन्क्लेव्हमध्ये जमीन कंपनीची स्वतःची होती, हरियाणा सरकारच्या परवानग्या होत्या, लोक राहायलाही आले होते. तरी ११ सप्टेंबर २०१८ रोजी सुप्रीम कोर्टाने, ज्या अधिसूचनेमुळे ती जमीन जंगल धरली गेली त्या १८ ऑगस्ट १९९२ च्या अधिसूचनेनंतरची बांधकामं पाडायला लावली. घर बांधून बसलेल्यांना प्रत्येकी ५० लाख भरपाई ठरली. निम्मी कंपनीने द्यायची, निम्मी राज्याच्या नगररचना विभागाने. आपल्याकडे तशी वेळ आली तर निम्मं कोण देणार, हे प्लॉट दाखवायला येणाऱ्या एजंटला आधी विचारा, आणि उत्तर लेखी घ्या.