शेवटचं कडवं

परवा वाईहून एसटीनं पसरणीचा घाट चढताना हेडफोन लावून क्वीन या ब्रिटिश रॉक बँडचं 'मदर लव्ह' हे गाणं ऐकत होते. शेवटच्या कडव्याला गायक फ्रेडी मर्क्युरीचा आवाज थांबतो आणि बँडचा गिटारवादक ब्रायन मे गायला लागतो. किती वर्षं ऐकतेय, तरी तिथे आलं की पोटात कालवतंच.

मे 1991. स्वित्झर्लंडमधलं माँत्रो, तळ्याकाठचा त्यांचा स्टुडिओ. फ्रेडीला एड्स झालेला, चालणंही अवघड. तो मित्रांना सांगायचा, काहीही लिहून द्या, मी गातो, मागाहून तुम्ही पुरं करा. ब्रायन कागदाच्या चिठोऱ्यांवर ओळी खरडून द्यायचा आणि हा गायचा. बाकीचं संगीत अजून झालंच नव्हतं, मागे नुसता ड्रम मशीनचा ठेका. मधला वरच्या पट्टीतला भाग त्यानं जीव एकवटून गायला आणि म्हणाला, आता बरं वाटत नाहीये, उरलेलं पुन्हा येऊन करतो. ते राहिलंच. 24 नोव्हेंबरला तो गेला. गाणं 1995 साली 'मेड इन हेवन' अल्बममध्ये आलं.

गायक गेल्यावर गाणं काढलं की लोक लगेच 'मढ्याच्या टाळूवरचं लोणी' म्हणतात. कृपा करून सरसकट म्हणू नका. इथे देणारा जाणूनबुजून देऊन गेला होता.

क्वीनच्याच 'फेस इट अलोन' या गाण्याबद्दल मात्र माझं मन राजी होत नाही. ते 1988 मधलं, 'द मिरॅकल' अल्बमच्या वेळचं रेकॉर्डिंग. बाहेर आलं ऑक्टोबर 2022 मध्ये. मधल्या काळात, फ्रेडी हयात असताना, क्वीनचे दोन अल्बम आले आणि दोन्हींत ते नाही. आपण ते विसरूनच गेलो होतो, असं बँडमधल्यांनीच सांगितलं. मग तुकडे जोडून ते उभं केलं. पहिल्यांदा ऐकताना मी रडले, खोटं कशाला सांगू? पण ते त्यानं आपल्यासाठी ठेवलं होतं असं मला म्हणवत नाही. काय गाळायचं हेही गायकच ठरवतो ना?

आणि आता तर एआयनं कुणाचाही आवाज काढता येतो. उद्या कुणाला वाटेल, 'मदर लव्ह'चं उरलेलं कडवं फ्रेडीच्याच आवाजात करून टाकू. नका करू. ब्रायननं नक्कल केली नाही, आपल्या साध्या आवाजात मित्राचं राहिलेलं काम पुरं केलं. माणूस कुठे थांबला ते त्या गाण्यात ऐकू येतं. ते बुजवलं तर उरलं काय?

पाचगणी आली. इथल्याच सेंट पीटर्सच्या वसतिगृहात झांजीबारचा फारुख बलसारा, म्हणजे पुढचा फ्रेडी, आठ वर्षांचा असताना आला, आईपासून समुद्रापलीकडे. पुढे शाळेतल्या 'हेक्टिक्स' बँडमध्ये पियानो वाजवायचा. खिडकीतून सिल्व्हर ओकची झाडं दिसत होती आणि ब्रायनचं कडवं नुकतं सुरू झालं होतं. सगळे उतरले, कंडक्टरनं दोनदा हाक मारली. गाणं संपेपर्यंत मी जागची उठले नाही.