खरा कुठला, हे कोण ठरवणार?

चिडून लिहितेय, आधीच सांगते. मोठं होणार आहे, वेळ असेल तरच वाचा.

दुपारी आपल्या इथल्या, म्हणजे आयर्लंडमधल्या कॉर्कच्या मराठी ग्रुपवर एक मेसेज आला. नाव घेत नाही, ज्यांचा आहे त्यांना कळेलच. "मुलांना त्या हर्लिंगला कशाला पाठवता? तो त्यांचा खेळ. तिथे आपल्या पोरांना कोण विचारतंय? काठ्या डोक्यात बसतील ते वेगळंच. क्रिकेटला घाला, निदान आपली माणसं असतात." आणि खाली अंगठ्यांची रांग. (हर्लिंग म्हणजे काठी-चेंडूचा आयरिश खेळ.)

हे नेमकं आजच यायचं होतं. सकाळी लेकाचं हर्लिंगचं प्रॅक्टिस होतं. संपल्यावर पोरं हेल्मेट काढून पाणी पीत उभी होती. कुणाचे तरी आजोबा आले होते, त्यांनी माझ्या लेकाला विचारलं, कुठला रे तू? त्याने आमच्या भागाचं नाव सांगितलं. इथेच जन्मलाय, दुसरं काय सांगणार? आजोबा हसून म्हणाले, "ते नाही रे, खरा कुठला?" पोराने माझ्याकडे बघितलं. मग अगदी बारीक आवाजात म्हणाला, "इंडिया." दहा वर्षांचा मुलगा. ज्या देशात तो फक्त उन्हाळ्याच्या सुट्टीत आजीकडे जातो, तो देश त्याने सांगितला, कारण समोरच्याला हवं असलेलं उत्तर तेच आहे हे त्याला कळलं होतं.

मी तिथे काही बोलले नाही. घरी येऊन ग्रुप उघडला तर आपलेही तेच म्हणतायत. ते म्हणतात तू इथला नाहीस, आपले म्हणतात तू तिथे जाऊच नकोस. पोराने जायचं कुठे?

आता मला कॉर्कच्या एका हर्लिंग खेळाडूबद्दल, शॉन ओग ओ हालपीनबद्दल बोलू द्या. कॉर्कमध्ये राहून ज्यांना हे नाव माहीत नाही त्यांनी तर नीट वाचा.

हा माणूस फिजीत जन्मला, १९७७ साली. आई फिजीतल्याच रोटुमा बेटावरची, बाप आयर्लंडच्या उत्तरेकडच्या फर्मॅना काउंटीचा (काउंटी म्हणजे आपल्या जिल्ह्यासारखं). (फिजी म्हटलं की आपल्याला गिरमिटिया, म्हणजे करारावर तिकडे नेलेले भारतीय मजूर आठवतात, पण हे त्यातले नाहीत. रोटुमन लोक वेगळे, त्यांची भाषा वेगळी.) मग कुटुंब सिडनीला आणि १९८८ मध्ये तिथून कॉर्कला. म्हणजे शॉन ओग इथे आला तेव्हा साधारण माझ्या लेकाएवढा होता. इथली पोरं चालायला लागली की हातात हर्ली, म्हणजे या खेळाची काठी धरतात, आणि हा अकराव्या वर्षी पहिल्यांदा शिकायला लागला. रंग वेगळा, उच्चार ऑस्ट्रेलियन. शहराच्या उत्तर भागातली नॉर्थ मॉनेस्ट्री शाळा आणि ना पिअर्सी क्लब. शाळेत आयरिश भाषा शिकला, आणि अशी शिकला की इथल्या निम्म्या लोकांना येत नाही तशी बोलतो.

त्यालाही कुणीतरी "खरा कुठला" विचारलंच असेल. एकदा नाही, शंभरदा.

ज्यांनी हर्लिंग पाहिलंच नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. पंधरा-पंधरा खेळाडू. अ‍ॅश झाडाच्या लाकडाची हर्ली, खालचं टोक पसरट, त्यावर पत्र्याची पट्टी ठोकलेली. चामड्याचा टणक चेंडू, त्याला स्लिटर म्हणतात. गोलपोस्ट इंग्रजी एच अक्षरासारखा. आडव्या दांडीखालून जाळ्यात मारला तर गोल, म्हणजे तीन गुण, वरून गेला तर एक. मोठ्यांचा सामना सत्तर मिनिटांचा. हे सगळं सांगून काही कळत नाही म्हणा. उंच आलेल्या चेंडूखाली चार जण उड्या मारतात, चार काठ्या वर जातात आणि त्या गर्दीतून एक उघडा हात तो चेंडू झेलतो, ते बघितल्यावरच कळतं. शॉन ओग डाव्या बाजूचा हाफ-बॅक, म्हणजे बचावातला खेळाडू, सात नंबरची जर्सी. नेमकं हेच त्याचं काम. वरून येणारा चेंडू घ्यायचा, अंगावर येणाऱ्याला खांदा द्यायचा आणि चेंडू पुढे पाठवायचा.

१९९६ मध्ये तो कॉर्कच्या सीनियर संघात आला. १९९९ चा सप्टेंबर बघा. हर्लिंगच्या ऑल-आयर्लंड फायनलमध्ये, म्हणजे काउंट्यांच्या देशपातळीवरच्या अंतिम सामन्यात, कॉर्कने किल्केनी काउंटीला एका गुणाने हरवलं, १३ विरुद्ध १२. दोनच आठवड्यांनी हाच मुलगा डब्लिनच्या त्याच क्रोक पार्क मैदानावर गेलिक फुटबॉलची, म्हणजे आयरिश पद्धतीच्या फुटबॉलची फायनल खेळला. ती मीथ काउंटीकडून हरले. बावीस वर्षांचा पोरगा, दोन वेगळे खेळ, दोन फायनल. आणि पैसे? शून्य. हे दोन्ही खेळ चालवणारी संघटना, गेलिक अ‍ॅथलेटिक असोसिएशन, १८८४ मध्ये स्थापन झाली तेव्हापासून आजतागायत खेळाडूंना मानधन नाही. ऐंशी हजार लोकांसमोर रविवारी खेळायचं आणि सोमवारी कामावर हजर. शॉन ओग बँकेत नोकरीला होता. आपल्याकडे लिलावात बोली लावून माणसं विकत घेतात आणि त्या संघासाठी आपण गळे काढतो. मला क्रिकेट आवडतं, त्याबद्दल वाद नाही. पण इथे संघ विकत घेता येत नाही. तुम्ही जिथे राहता, साधारणपणे तिथल्या क्लबचे तुम्ही, आणि त्या काउंटीचे तुम्ही.

मुद्दा हाच आहे हो. या खेळाचा पायाच "तू राहतोस तिथला" हा आहे. आणि आपण म्हणतोय, तिथे आपली माणसं नसतात!

२००१ मध्ये त्याला मोटारीचा अपघात झाला. गुडघ्याला एवढा जबर मार की खेळणं संपलंच असं वाटावं. तो परत आला. २००३ ची फायनल किल्केनीकडून हरले. २००४ ला त्याच किल्केनीला १७ विरुद्ध ९ असं चिरडलं, आणि त्यांची सलग तिसऱ्या विजेतेपदाची संधी घालवली. त्या वर्षी देशातला सर्वोत्तम हर्लर कोण ठरला? फिजीत जन्मलेला, सिडनीहून आलेला मुलगा.

आणि २००५. कॉर्कचा कर्णधार. गॅलवेला पाच गुणांनी हरवलं. क्रोक पार्कच्या पायऱ्या चढून वर गेला, विजेत्यांचा लिअम मॅकार्थी कप हातात घेतला आणि सगळं भाषण आयरिशमध्ये केलं. सगळं. बहुतेक कर्णधार आयरिशची दोन-चार वाक्यं पाठ करून म्हणतात आणि इंग्रजीवर येतात. रोटुमाच्या आईचा मुलगा त्या देशाच्या भाषेत त्या देशाशी बोलला. मी तो व्हिडिओ कितीदा पाहिला असेल. एक शब्द कळत नाही आणि दरवेळी डोळे भरून येतात.

तो कप कुणाच्या नावाचा आहे ठाऊक आहे? लिअम मॅकार्थी लंडनमध्ये जन्मला, लंडनमध्ये वाढला. आईबाप कॉर्ककडचे, पोट भरायला गेलेले. म्हणजे हर्लिंगमधल्या सगळ्यात मानाच्या कपाला स्थलांतरितांच्या मुलाचं नाव! लंडनमध्ये त्यालाही कुणीतरी "खरा कुठला" विचारलं असणार. आयरिश माणसाला हा प्रश्न जगभर विचारला गेलाय, बोस्टनपासून सिडनीपर्यंत. म्हणून सकाळचं ते जास्त लागलं. तुम्हाला तरी कळायला हवं होतं, आजोबा.

बरं, आता जरा शांत होते. चहा करून आले.

ते आजोबा वाईट नव्हते, हे मान्य करावं लागेल. त्याआधी लेकाच्या हेल्मेटचा पट्टा सुटला होता तो त्यांनीच वाकून नीट बसवला होता. हर्लीची मूठ सैल झालीये, नवीन टेप लाव, हेही त्यांनीच सांगितलं. आणि आपण तरी काय करतो? नवीन मराठी माणूस भेटला की आडनाव, मग "मूळचे कुठले". पुण्यात राहतो सांगितलं तरी "ते झालं हो, गाव कुठलं?" फरक एवढाच की आपल्यात त्या प्रश्नानंतर जवळीक वाढते आणि इथे माझ्या पोराचा आवाज बारीक झाला. हा फरक लहान नाही.

आणि भीती खोटी नाही, हेही ठाऊक आहे. २०२५ च्या उन्हाळ्यात डब्लिनमध्ये आपल्या लोकांवर हल्ले झाले, फिनिक्स पार्कमधला इंडिया डे पुढे ढकलावा लागला. तेव्हा मीही लेकाला संध्याकाळी एकट्याला दुकानात पाठवत नव्हते. वेक्सफर्डचा ली चिन, ज्याचे वडील मलेशियातले चिनी वंशाचे, काउंटीचा एवढा मोठा हर्लर. मैदानावर वंशावरून शिव्या खाल्ल्या आणि त्याने ते उघडपणे सांगितलं. तेव्हा हर्लिंग म्हणजे स्वर्ग आहे असं माझं म्हणणं नाही. पण घाबरून पोरांना आपल्यातच कोंडून ठेवलं तर शिव्या देणाऱ्यांचंच काम आपण फुकटात करतोय.

आता दुसरा राग, हा जास्त मोठा आहे. शॉन ओगचं नाव काढलं की लोक लगेच म्हणतात, "बघा, मेहनत केली की स्वीकारतात." लिओ वराडकरच्या वेळी आपणही हेच केलं. २०१७ मध्ये तो आयर्लंडचा पंतप्रधान झाला तेव्हा मालवण तालुक्यातल्या वराडचा नातू म्हणून आपण पेढे वाटले. २०१९ च्या डिसेंबरात तो गावी गेला तेव्हा फोटो फिरवले. मीही फिरवले, आनंदच होता. पण देशाचा पंतप्रधान किंवा ऑल-आयर्लंडचा कर्णधार झाल्यावरच माणूस इथला ठरणार असेल, तर बाकीच्यांचं काय? माझा लेक काही शॉन ओग नाही. उजव्या बाजूने बरा मारतो, डाव्याने अजून चेंडू उडतच नाही. रोज संध्याकाळी गॅरेजच्या भिंतीवर स्लिटर आपटत असतो, बोटांची सालं गेलीत, भिंतीचा रंगही गेलाय. मोठेपणी तो क्लबच्या तिसऱ्या संघात राखीव म्हणून बसेल कदाचित. तेव्हाही तो इथलाच असायला हवा, पदक न मिळवता. आजच्या आज.

आणि पदकं मिळवूनही काय झालं बघा. या शॉन ओगने फक्त गोड गोड भाषणं केली नाहीत. २००२ मध्ये कॉर्कच्या खेळाडूंनी संप केला, संघाला डॉक्टर हवा, प्रवासाची धड सोय हवी, साध्या गोष्टींसाठी. त्यात हा पुढे होता. पुढच्या भांडणांतही होता. २००९ मध्ये तर खेळाडूंच्या बाजूने हजारो लोक शहरात रस्त्यावर उतरले. फुकट खेळता तर संप कसले, असं म्हणणारे तेव्हाही होते, आजही आहेत, आणि त्या संपांनी कॉर्कच्या हर्लिंगमध्ये कडवटपणा आला हे खरं आहे. पण बाहेरून आलेल्या माणसाने कायम कृतज्ञ राहावं, मान खाली घालून "संधी दिलीत, आभारी आहे" म्हणत राहावं, ही अपेक्षा त्याने मोडली. माझ्या मते तो २००५ च्या कपाइतकाच त्या संपांच्या दिवसांतही कॉर्कचा होता. आपल्या घरातलाच माणूस घरात भांडतो. पाहुणा भांडत नाही.

२०१० च्या मोसमानंतर त्याला संघातून काढलं. तेहतीस वर्षांचा होता. दुसरा कुणी असता तर घरी बसला असता. जिमी बॅरी-मर्फी प्रशिक्षक म्हणून आल्यावर २०१२ मध्ये तो परतला, पस्तिशीत, तीच लाल जर्सी. कप नाही मिळाला, सेमी-फायनलला गॅलवेकडून हरले. मग तो थांबला. तीन ऑल-आयर्लंड पदकं, १९९९, २००४, २००५. त्याच्यामागून आलेले सेटांटा आणि आयसाके हे भाऊही कॉर्ककडून खेळले. एका कुटुंबाने केवढं दिलं या शहराला.

प्रसिद्ध समालोचक मिहॉल ओ मुर्हर्टी गमतीने म्हणायचे, वडील फर्मॅनाचे, आई फिजीची, दोन्हीकडे हर्लिंगचा पत्ता नाही. लोक अजून प्रेमाने ते सांगतात. मलाही आवडतं, कारण त्यात तो कुठून आला हे आहे आणि तरी तो परका नाही. असंही विचारता येतं, बोलता येतं. सकाळी तसं झालं नाही, एवढंच.

लेकाला मी रात्री शॉन ओगची गोष्ट सांगितली. त्याने एवढंच विचारलं, "त्याला डाव्या बाजूने मारता यायचं का?" त्याची काळजी ती आहे. "खरा कुठला"ची काळजी आपण मोठ्यांनी करायची आणि त्याच्या वाट्याला येऊ द्यायची नाही.

तर ग्रुपवाल्यांनो, मंडळाच्या क्रीडादिनाला क्रिकेट आहे, लगोरी आहे, रस्सीखेच आहे. यंदा हर्लिंग ठेवा. हर्ली आणि छोटी हेल्मेटं क्लबकडून मागून आणायची जबाबदारी माझी, शिकवायला त्यांच्याकडचं कुणी येईल का तेही मी विचारते. पुढच्या मीटिंगला हा विषय मांडणार आहे. ज्यांचा विरोध असेल त्यांनी तिथे समोर बसून बोला, अंगठे दाखवून नको.