चर्चिलना पंतप्रधान म्हणून कुणी निवडून दिलं नव्हतं

एक मजकूर ग्रुपाग्रुपांत फिरतोय: '१९४० साली ब्रिटनचं मंत्रिमंडळ हिटलरला शरण जायला निघालं होतं. जनतेने चेंबरलेनला पाडून चर्चिलला निवडून दिलं आणि त्याने एकट्याने देश वाचवला.'

आधी निवडणुकीचं बघू. १९३५ नंतर तिथे सार्वत्रिक निवडणूक झाली ती थेट १९४५ मध्ये, आणि ती चर्चिल हरले. मे १९४० मध्ये झालं ते नॉर्वेच्या फसलेल्या मोहिमेवरून सभागृहातलं मतदान. तेव्हाचे पंतप्रधान चेंबरलेननी ते २८१ विरुद्ध २०० असं जिंकलंसुद्धा. पण एरवी दोनशेच्या वर असणारं मताधिक्य ८१ वर आलं, कारण घरचेच फुटले होते. ९ मे रोजी डाउनिंग स्ट्रीटवर चौघं बसले: चेंबरलेन, परराष्ट्रमंत्री हॅलिफॅक्स, चर्चिल आणि मुख्य प्रतोद मार्जेसन. चेंबरलेनच्या मनात हॅलिफॅक्स होते. पण मी लॉर्ड्सचा (वरिष्ठ सभागृहाचा) सदस्य, कॉमन्समध्ये (लोकनियुक्त सभागृहात) बसता येत नसताना सरकार कसं चालवू, असं म्हणून हॅलिफॅक्सनीच अंग काढून घेतलं. मजूर पक्षाने चेंबरलेनच्या हाताखाली काम करायला नकार कळवला आणि १० तारखेला चर्चिल पंतप्रधान झाले.

हे हॅलिफॅक्स म्हणजे गांधी-आयर्विन करारातले आयर्विन. त्यांनी शरणागती मागितलीच नव्हती. मेअखेरीस फ्रान्स कोसळत होता, ब्रिटिश फौज फ्रान्सच्या किनाऱ्यावर डंकर्कला अडकली होती. मुसोलिनीला मध्ये घालून अटी तरी ऐकू, स्वातंत्र्यावर घाला येत असेल तर फेटाळू, एवढंच त्यांचं म्हणणं. मला ते चूक वाटतं. एकदा बोलणी सुरू झाली की लढणाऱ्यांचा धीर सुटतो, हे चर्चिलनी बरोबर ओळखलं. पण चूक म्हणजे फितुरी नव्हे. माल्टा, जिब्राल्टर आणि काही आफ्रिकी वसाहती देऊन सुटका होत असेल तर मी लगेच तयार होईन, असं खुद्द चर्चिल म्हणाल्याची नोंद चेंबरलेनच्या डायरीत आहे.

आणि 'एकट्याने'? युद्ध मंत्रिमंडळात माणसं पाच. २६ ते २८ मे, तीन दिवसांत नऊ बैठका. मजूर पक्षाचे ॲटली आणि ग्रीनवुड चर्चिलच्या बाजूने ठाम उभे राहिले. २७ तारखेला हॅलिफॅक्स राजीनाम्यावर आले, तेव्हा चर्चिलनी त्यांना बागेत नेऊन समजूत काढली. काटा मात्र चेंबरलेनच्या हाती होता, कारण हुजूर पक्षाचे नेते अजून तेच होते आणि बहुमतही त्या पक्षाचंच. ते हॅलिफॅक्सकडे झुकते तर चर्चिलचं सरकार तीन आठवडेही टिकलं नसतं. २८ मे रोजी ते चर्चिलकडे आले आणि हॅलिफॅक्स एकटे पडले.