पैसे गेले? आधी चहा टाका

बँकेचे स्टेटमेंट वाचणे हे चांगल्या घरच्या माणसाचे लक्षण नव्हे, हे प्रथम मनाशी पक्के करा. बँक ते दर महिन्याला ईमेलवर पाठवते आणि तुम्ही ते उघडू नये म्हणून त्याला पासवर्ड घालते. नावाची पहिली चार अक्षरे आणि जन्मतारीख. नाव आधार कार्डावरचे की पासबुकातले, अक्षरे मोठी की लहान, जन्मसाल पूर्ण की शेवटचे दोन आकडे, एवढ्यावर चारदा आपटी खाल्ली की माणूस मुकाट्याने पुन्हा क्रिकेटच्या स्कोअरकडे वळतो. बँकेचे मेसेज तर मुळीच वाचू नका. ओटीपी, लग्नाची आमंत्रणे आणि फ्लॅटच्या जाहिराती यांच्यामध्ये ते सुखाने पडून राहतात.

तरीही संकट यायचे तर येतेच. आमच्याकडे ते पासबुकाच्या रूपाने आले. मुलाच्या कॉलेजला पासबुकाची झेरॉक्स हवी होती, म्हणून 14 महिन्यांनी पासबुक त्या घरघर करणाऱ्या यंत्रात सरकवले. यंत्राने तीन पाने काळी केली, आणि शेवटच्या पानावर, दोनच दिवसांपूर्वीच्या तारखेला, ही नोंद होती: 1,847 रुपये वजा. समोर तीन आद्याक्षरे, मग ‘एंटरप्र’, मग शेवटी ‘गुरुग्रा’. आम्ही राहतो ठाण्यात. गुरुग्रामला आमच्या सात पिढ्यांतले कोणी गेलेले नाही.

अशा वेळी अडाणी माणूस काय करतो? कार्डाच्या मागे छापलेल्या नंबरावर फोन करतो, कार्ड बंद करतो आणि तक्रार नोंदवून तिचा क्रमांक लिहून घेतो. दहा मिनिटांत सगळे आटपते आणि घरात कोणाला काही कळतही नाही. यात कसली मजा? तुम्ही असला उतावळेपणा करू नका. आधी चहा टाका आणि घरातल्या सगळ्यांना हॉलमधल्या दिवाणावर बोलवा.

चौकशी नेहमी घरातूनच सुरू करावी. चोर गुरुग्रामला आहे, तो लांब आहे, त्याला आपण ओळखतही नाही. बायको समोरच आहे. “अहो, माझ्याकडे कशाला बघताय? मी भाजीलासुद्धा रोख देते,” असे ती म्हणणारच. ते ऐकून नजर मुलाकडे वळवावी. मुलगा कानातले यंत्र न काढता “मी नाही” म्हणतो, म्हणजे प्रश्न न ऐकताच उत्तर देतो, हा पुरावा मानावा. मग आई म्हणेल, “तुझे बाबा आगपेटीचे पैसेसुद्धा डायरीत लिहायचे.” या वाक्याचा चौकशीशी संबंध नसतो, पण ते प्रत्येक बैठकीत येते आणि त्यानंतर पाच मिनिटे कोणी काही बोलत नाही.

त्या पाच मिनिटांत बायकोने पासबुक हातात घेतले. “अहो, हे 199 कसले? दर महिन्याच्या सात तारखेला आहेत.”

“ते बारीक आहे, सोड ते,” मी म्हणालो. घराचा कर्ता मोठ्या रकमेकडे बघतो.

यानंतर तज्ज्ञ बोलवावा. प्रत्येक घराला हिंजवडीत नोकरी करणारा एक मेहुणा असतोच. त्याला पासबुकाचा फोटो पाठवला की तीन मिनिटांत त्याचा फोन येतो. “दाजी, तुमचं कार्ड क्लोन झालंय. शंभर टक्के.” तो हे प्रिंटर बंद पडला तरी म्हणतो. दुसरा फोटो सोसायटीच्या ग्रुपवर टाकावा, खाते क्रमांक आणि शिल्लक नीट दिसेल असा. ग्रुपवर तक्रारीबद्दल फारसे काही कळत नाही, पण तुमच्या खात्यात किती आहेत हे बी विंगला कळते. आमच्या सेक्रेटरींनी लगेच मेन्टेनन्सच्या थकबाकीची आठवण करून दिली. तत्परता असावी तर अशी.

नाव हुडकण्याच्या फंदात मात्र पडू नका. दुकानाच्या पाटीवर एक नाव आणि बँकेच्या कागदावर दुसरेच, हा आपल्याकडचा जुना रिवाज आहे. पाटीवर मुलीचे नाव असते आणि नोंदणी आजोबांच्या फर्मच्या नावाने. साखळी दुकान असेल तर कंपनी कुठल्या तरी परराज्यात नोंदलेली, आणि तुम्ही ठाण्यात गोखले रोडवर दिलेले पैसे बंगळुरूला पोचलेले दिसतात. त्यात कार्डाच्या जाळ्यात दुकानाच्या नावाला जागा जेमतेम 22 ते 25 अक्षरांची, ती संपली की शब्दाचे शेपूट उडवतात. पैसे खात्यातून पुढे सरकायला एखादा दिवस लागला तर तारीखही वेगळी. हे सगळे कळले, की तोच आकडा घेऊन त्या दोन-तीन दिवसांत आपण कुठे कुठे गेलो, हे आठवून बघता येते, खिशातल्या पावत्या चाळता येतात. म्हणूनच ते कळून घेऊ नये. शोध लागला तर बैठक मोडते.

फारच उत्साह असेल तर इंटरनेटवर बँकेचे नाव आणि ‘कस्टमर केअर’ असे शोधा आणि सर्वात वर दिसणारा मोबाइल नंबर फिरवा. कार्डामागच्या नंबरावर अर्धा तास बासरी ऐकवतात. हा माणूस पहिल्या रिंगला फोन उचलतो, ‘सर, सर’ करतो, तुमच्या दुःखात सामील होतो. तो एक छोटेसे अॅप घ्यायला सांगेल, त्यातून तुमची स्क्रीन त्याला दिसेल. मग ‘रिफंड’साठी पाच रुपये पाठवायला सांगेल. पाठवा. 1,847 रुपयांची काळजी कायमची मिटेल, कारण त्यानंतर खात्यात काळजी करण्यासारखे काही उरणार नाही. 1930 या सायबर हेल्पलाइनवर असे फोन करणाऱ्यांची रांग असते; तिथे तरी वेळेत जा, तोपर्यंत पैसे चार खात्यांतून फिरलेले नसावेत एवढीच प्रार्थना.

आता वेळेचे गणित, कारण खरी गंमत तिथे आहे. रिझर्व्ह बँकेने 6 जुलै 2017 च्या परिपत्रकात म्हटले, की चूक ना तुमची ना बँकेची, मधल्याच कोणी हात मारला असेल, आणि बँकेचा मेसेज आल्यापासून कामाच्या तीन दिवसांत तुम्ही कळवले, तर तुमचे नुकसान शून्य. मेसेज आला तो दिवस त्यात धरत नाहीत. आपल्यासारख्यांनी चौथा दिवस उजाडेपर्यंत थांबावे. चौथ्या ते सातव्या दिवसापर्यंत नेहमीच्या बचत खात्याला बोजा जास्तीत जास्त 10,000 रुपयांचा, किंवा गेलेली रक्कम, यांतले जे कमी ते. म्हणजे 1,847 गेले असतील तर 1,847 रुपयांचा बोजा तुमचा आणि उरलेल्या शून्याचा बँकेचा. सात दिवसांनंतर बँकेच्या संचालक मंडळाचे धोरण लागू होते. ते वाचायला मिळाले तर वाचा, झोप उत्तम लागते.

आमचा मेसेज गुरुवारचा. शुक्रवार एक, शनिवार दोन. शनिवारी आमची बैठक झाली. रविवारी मेहुणा जेवायला आला. सोमवारी संध्याकाळी मी दिवाणावर बसून ‘सिस्टिमच किडली आहे’ या विषयावर बोलत असताना बायको स्वयंपाकघरातून आली आणि माझ्या कानाला फोन लावला. “मॅडम लाइनवर आहेत, बोला.” नंबर तिने कार्डाच्या मागून घेतला होता. कार्ड बंद झाले, तक्रार क्रमांक मिळाला, तो तिने भिंतीवरच्या कालनिर्णयावर सोमवारच्या चौकोनात, ‘दूध 2 लि.’च्या खाली लिहिला. माझ्या भाषणाचा शेवट राहूनच गेला.

दुसऱ्या दिवशी शाखेत फॉर्म भरायला गेलो. दोऱ्याने बांधलेले पेन होते, त्यात रिफिल नव्हती. काउंटरवरच्या मॅडमनी पडद्याकडे बघून विचारले, “कार्ड तुमच्याकडेच आहे ना? मग तुम्हीच टॅप केलं असणार.” पाच हजारांपर्यंत कार्ड नुसते टेकवून, पिन न टाकता पैसे देता येतात, ही सोय 1 जानेवारी 2021 पासूनची. इथे तुम्ही मान खाली घालून घरी यायचे. मला नेमका मेहुण्याने पाठवलेला त्याच परिपत्रकाचा कागद आठवला. ग्राहक जबाबदार आहे हे सिद्ध करण्याचे काम बँकेचे, आणि कळवल्यापासून कामाच्या दहा दिवसांत ती रक्कम तात्पुरती जमा करायची, असे त्यात होते. मी तो कागद पुढे सरकवला. मॅडमनी माझ्याकडे जरा वेगळ्या नजरेने पाहिले आणि शिक्का शोधायला लागल्या. आणखी 30 दिवस कोणी दाद दिली नसती तर पुढे रिझर्व्ह बँकेचे लोकपालही होते, फुकटातले, ऑनलाइन. तिथपर्यंत जायची माझी फार इच्छा होती. बँकेने नवव्याच दिवशी 1,847 जमा केले आणि माझा हिरमोड केला.

मग फॉर्मची पोच, परिपत्रक आणि पासबुक एकत्र ठेवायला घरात एखादी पिशवी शोधू लागलो. कपाटात एक छान चेनवाली प्लास्टिकची पिशवी होती, नव्या बेडशीटची. कागद आत सरकवताना पिशवीवरच्या स्टिकरकडे लक्ष गेले. दोन डबल बेडशीट, खाली बारीक अक्षरांत विक्रेत्याचे पूर्ण नाव. तीन आद्याक्षरे. एंटरप्रायझेस. गुरुग्राम.

नवरात्राच्या सेलला मीच गेलो होतो. कार्ड मीच टेकवले होते. आणि त्यातले एक बेडशीट, निळ्या फुलांचे, पहिल्या बैठकीपासून आमच्या बुडाखाली होते.

“1,847 सापडले का?” बायकोने विचारले.

“तपास चालू आहे,” मी म्हणालो.

पुन्हा शाखेत जाऊन तक्रार मागे घेतली. मॅडम काही बोलल्या नाहीत, फक्त शेजारच्या काउंटरवरच्या मॅडमकडे बघितले. पासबुक परत यंत्रात घातले. 1,847 जमा, 1,847 वजा, आणि दोन्हींच्या मध्ये सात तारखेचे 199.

ते कुठले, हे आता मला माहीत आहे. ‘सात दिवस फक्त एक रुपयात’ असे म्हणणारे योगासनांचे अॅप मी गेल्या वर्षी घेतले होते, एकदा शवासन केले होते, आणि पिन टाकून दर महिन्याला पैसे कापायची परवानगीही दिली होती. परवानगी दिलेली, म्हणजे फसवणूकही म्हणता येत नाही. असे पैसे कापण्याआधी 24 तास मेसेज पाठवायचा नियम आहे आणि तो नियम चोख पाळला गेला आहे, पंधराही वेळा. 15 गुणिले 199, म्हणजे 2,985. यूपीआयच्या अॅपमध्ये ऑटोपे उघडून ‘रद्द करा’ दाबले की संपले. दोन मिनिटांचे काम आहे.

शनिवारी मेहुणा येणार आहे. त्याच्यासमोर बघू.